पुसलेल्या पावलांचा इतिहास

१

इतिहास हे पुराव्याचे शास्त्र आहे, असे आपल्याला शाळेपासून शिकवले जाते. पुरावा कशाला म्हणायचे, हेही त्याच वेळी ठरवून दिलेले असते. सनदा, बखरी, फर्माने, जमाखर्चाचे रुमाल, ताम्रपट, शिलालेख. ज्याच्या घरात कागद, त्याचा इतिहास. ज्याच्या घरात कागद नाही, कारण अक्षराला हात लावण्याचीच त्याला मनाई होती, तो इतिहासात कुठे येतो? येतो, पण दुसऱ्याच्या कागदात. वेठीच्या यादीत येतो, बलुत्याच्या हिशेबात येतो, दंडाच्या नोंदीत येतो. त्याला काय वाटले, त्याच्या बायकोने रात्री काय सोसले, त्याच्या पोराने कोणत्या वळणावर मान खाली घातली, याची नोंद कोणत्याही दफ्तरात नाही.

बाबासाहेबांनी १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी एक भाषण लिहिले. ते भाषण झाले नाही, पुस्तकरूपानेच लोकांपुढे आले. पेशव्यांच्या पुण्यात अस्पृश्याला कमरेला झाडू बांधून चालावे लागे आणि थुंकीसाठी गळ्यात मडके अडकवावे लागे, असे त्यात नमूद आहे. ज्या धुळीवरून तो चालला ती धूळ त्याच्याच मागे झाडली जावी, म्हणजे तिच्यावरून जाणारा सवर्ण बाटणार नाही, ही त्यामागची योजना. या दंडकाकडे आपण अपमान म्हणून पाहतो, आणि तो अपमान होताच. मला त्यात आणखी एक अर्थ दिसतो. माणूस रस्त्यावरून गेला, पण तो गेला याची खूणही उरू द्यायची नाही, आणि ती खूण त्यानेच पुसायची. ज्या समाजाच्या पावलांचे ठसे असे रोजच्या रोज पुसले गेले, त्या समाजाकडे आजचा विद्वान पुरावा मागतो, तेव्हा तो नेमके काय मागत असतो?

हा प्रश्न केवळ आपला नाही. सात समुद्रापलीकडे आणखी एका समाजाला हाच प्रश्न पडला, आणि त्या समाजातील एका लेखिकेने त्याचे उत्तर कादंबरीतून दिले. घडलेली घटना काळातून नाहीशी होत नाही, ती जिथे घडली तिथे उभीच असते, असे एक जग तिने उभे केले. ते जग कल्पित आहे. पण त्या कल्पिताच्या तळाशी असलेला इतिहास शंभर टक्के खरा आहे. त्या इतिहासाची आणि त्या कल्पिताची ओळख आपल्या वाचकांना करून द्यावी, आणि आपल्या प्रश्नाशी त्याचे नाते तपासावे, एवढ्याचसाठी हा लेख.

२

टोनी मॉरिसन यांची 'बिलव्हेड' ही कादंबरी १९८७ साली प्रसिद्ध झाली. तिला १९८८ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले आणि लेखिकेला १९९३ साली नोबेल. मॉरिसन २०१९ साली वारल्या. पारितोषिकांचा उल्लेख मी मोठेपणासाठी करीत नाही. अमेरिकेतल्या प्रस्थापित साहित्यव्यवहाराने या लेखिकेची उपेक्षा चालवली आहे, असा उघड निषेध जानेवारी १९८८ मध्ये अठ्ठेचाळीस काळ्या लेखक-समीक्षकांनी सह्यांनिशी नोंदवला होता आणि पुलित्झर त्यानंतर आले, हे आपण लक्षात ठेवलेले बरे. मान कोणी ताटात वाढून देत नाही, हा अनुभव तिकडेही आहे.

कादंबरीचा वर्तमानकाळ १८७३ हा आहे. हे साल वाचताना मराठी वाचकाने थांबायला हवे. १८७३ सालीच जोतीराव फुल्यांची 'गुलामगिरी' प्रसिद्ध झाली, आणि त्याच वर्षीच्या सप्टेंबरात सत्यशोधक समाज स्थापन झाला. 'गुलामगिरी'ची अर्पणपत्रिका अमेरिकेतल्या त्या सज्जनांना आहे, ज्यांनी निग्रो गुलामांच्या मुक्तीसाठी झीज सोसली. आपल्या देशबांधवांनीही शूद्रांच्या मुक्तीसाठी तोच कित्ता गिरवावा, अशी जोतीरावांची इच्छा होती. पुण्यात बसलेला एक माळी समाजातला माणूस अटलांटिकपलीकडच्या गुलामाशी आपले नाते जोडतो, आणि त्याच वर्षात, कल्पनेच्या पातळीवर का होईना, ओहायो राज्यातल्या सिनसिनाटी शहराच्या कडेला एका घरात एक मुक्त झालेली गुलाम बाई आपल्या मेलेल्या मुलीच्या भुताबरोबर राहत असते. मॉरिसन यांनी ते साल जोतीरावांसाठी निवडलेले नाही, हे उघड आहे. पण दोन्ही ग्रंथ एकच गोष्ट विचारतात. कायद्याने गुलामी संपली. मग गुलामी गेली कुठे?

अमेरिकेत १८६५ साली राज्यघटनेच्या तेराव्या दुरुस्तीने गुलामी रद्द झाली. कादंबरीतील सेथ ही बाई त्यानंतर आठ वर्षांनीही मोकळी नाही. तिच्या पाठीवर चाबकाच्या वळांचे एक झाड उगवले आहे. ते झाड तिला स्वतःला दिसत नाही, दुसऱ्यांनी सांगितले म्हणून तिला ठाऊक आहे. पाठीवरचा इतिहास आपला आपल्याला वाचता येत नाही, यापेक्षा इतिहासाविषयी अधिक नेमके विधान मी क्वचितच वाचले आहे.

३

आता या कल्पिताच्या तळाचा इतिहास पाहू.

केंटकी हे गुलामगिरीचे राज्य आणि ओहायो हे मुक्त राज्य. मध्ये ओहायो नदी. जानेवारी १८५६ च्या अखेरीस कडाक्याच्या थंडीने ही नदी गोठली होती. त्या बर्फावरून सतरा गुलाम एका रात्री चालत पलीकडे गेले. पलीकडे गेल्यावर त्यांच्या टोळ्या वेगळ्या झाल्या. नऊ जण पुढे कॅनडाला पोहोचले. उरलेले आठ एकाच कुटुंबातले होते: मार्गारेट गार्नर ही विशीतली बाई, तिचा नवरा रॉबर्ट, त्याचे म्हातारे आईबाप आणि मार्गारेटची चार लेकरे. सिनसिनाटीत त्यांचा एक मुक्त नातेवाईक राहत होता, त्याच्या घरी ते उतरले. पुढच्या मुक्कामाची व्यवस्था होण्यापूर्वीच मालक आणि सरकारी माणसे यांनी घराला वेढा घातला. दार फुटते आहे असे दिसताच मार्गारेटने सुरी उचलली आणि आपल्या सुमारे दोन वर्षांच्या मुलीचा गळा कापला. बाकीच्या मुलांनाही ती मारणार होती. तिला पकडण्यात आले.

हे वाचून कोणाच्याही पोटात कालवते. पण नुसते कालवून घेण्याने इतिहास कळत नाही. हे कृत्य कोणत्या कायद्याच्या पोटी जन्मले, ते पाहिले पाहिजे.

व्हर्जिनियाच्या वसाहतीने १६६२ साली एक कायदा केला. मूल गुलाम की मुक्त, हे त्याच्या आईच्या स्थितीवरून ठरेल. बाप गोरा मालक असला तरी गुलाम बाईचे मूल गुलामच. पुढे हीच रीत सगळ्या गुलामगिरीच्या राज्यांत रुजली. म्हणजे मालकाची वासना आणि मालकाची मिळकत एकाच वेळी वाढत राहावी अशी सोय झाली, आणि बाईचे गर्भाशय हे गुलामीचे कोठार ठरले. सिनसिनाटीच्या न्यायालयात ल्यूसी स्टोन या स्त्रीमुक्तीवादी कार्यकर्तीने मार्गारेटच्या लेकरांच्या उजळ रंगाकडे लोकांचे लक्ष वेधले होते. त्या रंगाचा अर्थ तिथे बसलेल्या प्रत्येकाला समजला असणार.

दुसरा कायदा १८५० चा, पळालेल्या गुलामांविषयीचा. पळालेला गुलाम मुक्त राज्यात सापडला तरी त्याला परत पाठवायचे. त्याला मदत करील त्याला एक हजार डॉलरपर्यंत दंड आणि सहा महिन्यांपर्यंत कैद. पकडलेल्या माणसाची स्वतःची साक्ष ग्राह्य नाही. निकाल देणाऱ्या कमिशनरला फी ठरलेली: माणूस मालकाच्या हवाली केला तर दहा डॉलर, मोकळा सोडला तर पाच. लिहिण्याचे काम पहिल्या बाबतीत जास्त पडते, असे त्याचे समर्थन होते. न्यायाच्या तराजूत पाच डॉलरचा पासंग उघडउघड ठेवलेला होता.

मार्गारेटचा खटला आठवडेच्या आठवडे चालला, आणि त्यात एक विलक्षण पेच उभा राहिला. तिचे वकील जॉन जॉलिफ यांची मागणी होती की तिच्यावर ओहायोच्या कायद्याने खुनाचा खटला भरावा. मालकाची मागणी होती की ती आपली मालमत्ता आहे, ती परत मिळावी. खुनी ठरायचे तर आधी माणूस असावे लागते. गुलाम ठरायचे तर वस्तू असावे लागते. म्हणजे तिच्या बाजूचे लोक तिला खुनी ठरवण्यासाठी झटत होते, कारण माणूस म्हणून मान्यता मिळण्याचा तेवढा एकच दरवाजा उघडा होता. तोही बंद झाला. कमिशनरने तिला मालमत्ता ठरवून मालकाच्या हवाली केले. ओहायोच्या गव्हर्नरने पुढे खुनाच्या आरोपासाठी तिची मागणी केली, पण मालकाने तिला एका जागी ठेवलेच नाही. मार्चमध्ये दक्षिणेकडे नेताना आगबोटींची टक्कर झाली आणि तिची तान्ही मुलगी बुडून मेली. १८५८ साली मार्गारेट स्वतः विषमज्वराने गेली. त्या वेळीही ती गुलामच होती.

वृत्तपत्रांनी तिच्यावर रकानेच्या रकाने लिहिले. १८६७ साली एका चित्रकाराने तिचे चित्र काढले, त्याला ग्रीक पुराणातल्या मीडियाचे नाव चिकटले. मीडियाने नवऱ्यावरच्या सूडापोटी मुले मारली. मार्गारेटला सूड कोणावर घ्यायचा होता? पुराणातले नाव दिले की कायद्याचे नाव घ्यावे लागत नाही, हा सोयीचा प्रकार आपल्याकडेही पुष्कळ चालतो. पुढे यादवी युद्धाच्या धामधुमीत हे प्रकरण लोक विसरले. मॉरिसन एका प्रकाशनसंस्थेत संपादक असताना काळ्या लोकांच्या जीवनाविषयीच्या कागदांचे एक संकलन १९७४ साली निघाले. त्याच्या तयारीत त्यांना १८५६ च्या एका धार्मिक नियतकालिकातला मजकूर सापडला. तुरुंगात मार्गारेटला भेटून आलेल्या पाद्र्याने तो लिहिला होता. ती वेडी नव्हती, शांत होती, आणि केले ते पुन्हा करीन असे तिचे म्हणणे होते, ही गोष्ट मॉरिसन यांच्या मनात रुतून बसली.

४

त्यांनी मार्गारेटच्या चरित्राचा पुढे मुद्दामच फार शोध घेतला नाही. कागद जिथे संपतात तिथून त्यांचे काम सुरू होत होते. १८६० च्या शिरगणतीत अमेरिकेत एकोणचाळीस लाखांहून अधिक गुलाम मोजले गेले. गुलामांसाठी तक्ते वेगळे होते. वर मालकाचे नाव, खाली प्रत्येक गुलामाचे वय, लिंग आणि रंग. गुलामाच्या नावासाठी रकाना नाही. अशा तक्त्यातून मन कसे शोधणार?

कादंबरीत त्यांनी काळाचाच नियम बदलला. सेथ आपल्या धाकट्या मुलीला, डेन्व्हरला, समजावते की काही गोष्टी निघून जातात आणि काही जात नाहीत. घर जळून गेले तरी त्या घराची जागा, त्यात घडलेले, बाहेर जगात तसेच उभे राहते. ते केवळ आठवणाऱ्याच्या डोक्यात नसते. जी व्यक्ती तिथे कधी नव्हती, तीही चालता चालता दुसऱ्याच्या आठवणीवर जाऊन आदळू शकते. मॉरिसन यांनी यासाठी 'रीमेमरी' असा शब्द घडवला आहे. मी त्याला मराठीत 'पुन्हा उभी राहणारी आठवण' म्हणेन. अशा जगात भूतकाळ मागे पडत नाही. तो रस्त्याच्या कडेला दबा धरून असतो.

इंग्रजी वाचकाला हे समजावून सांगावे लागते. मराठी वाचकाला तेवढी गरज पडू नये. आपल्या भाषेने गेलेल्या काळाला 'भूत'काळ म्हटले आहे, आणि मेल्यानंतर न गेलेल्यालाही 'भूत'च म्हटले आहे. सेथच्या घरात आधी मेलेल्या मुलीचे भूत आहे. ते आरसे फोडते, भांडी उलथते. पॉल डी हा तिच्याबरोबर गुलामीत राहिलेला माणूस येतो आणि त्याला हाकलून लावतो. भूत गेले असे वाटते, तेव्हा ती मुलगी हाडामांसाची होऊन पाण्यातून वर येते. जगली असती तर जेवढी झाली असती, तेवढ्याच वयाची. आपल्या थडग्यावर कोरलेला एकच शब्द, 'बिलव्हेड', म्हणजे लाडकी, हेच तिचे नाव. त्या एका शब्दाच्या कोरणावळीची किंमत आईने स्वतःच्या देहाने चुकवली होती.

या कादंबरीत कागदाविषयीचा अविश्वास दोन ठिकाणी फार स्पष्ट होतो. मळ्याचा कारभार पाहणारा एक मास्तर आहे. तो गुलामांची मापे घेतो, वहीत टिपणे करतो, आणि आपल्या विद्यार्थ्यांना सेथचे मनुष्यगुण एका बाजूला आणि पशुगुण दुसऱ्या बाजूला लिहायला लावतो. त्या वहीसाठी लागणारी शाई सेथनेच बनवलेली असते. राबणूक तिची, लेखणी त्याची आणि निष्कर्षही त्याचा. धर्मशास्त्रांच्या पोथ्यांसाठी कोणाकोणाचे हात राबले असतील, याचा विचार हा प्रसंग वाचताना माझ्या मनात आल्याशिवाय राहिला नाही. दुसऱ्या ठिकाणी पॉल डीला सेथविषयीचे वृत्तपत्रातले कात्रण दाखवले जाते. त्याला वाचता येत नाही. तो चित्राकडे पाहतो, आणि त्या चित्रातली बाई सेथ आहे हे मानायला तो तयार होत नाही. काळ्या माणसाचा चेहरा वर्तमानपत्रात चांगल्या कारणासाठी येत नाही, हे त्याला निरक्षर असूनही ठाऊक आहे.

याच प्रश्नाला ऑक्टाव्हिया बटलर यांनी 'किंड्रेड' या १९७९ च्या कादंबरीत निराळ्या बाजूने हात घातला. तिथे १९७६ सालच्या लॉस एंजेलिसमधली डेना नावाची काळी तरुणी वारंवार मेरीलँडमधल्या एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच्या एका मळ्यावर खेचली जाते. जो मालकपुत्र पुढे तिच्याच वंशाचा मूळपुरुष होणार आहे, त्याला तिला वाचवावे लागते. शेवटी ती परत येते, पण डावा हात गमावून. १९७६ हे अमेरिकी स्वातंत्र्याचे द्विशतक साल होते आणि तिची अखेरची परतभेट चार जुलैला, म्हणजे स्वातंत्र्यदिनी घडते. देश उत्सव करीत असताना भूतकाळाने एका काळ्या बाईच्या शरीराचा तुकडा ठेवून घेतला. मॉरिसन यांच्याकडे भूतकाळ आपल्याकडे येतो, बटलर यांच्याकडे आपल्याला ओढून नेतो. दोन्हीकडे किंमत शरीराने द्यावी लागते.

५

आता आपल्याकडे वळू.

आमच्या गावात वरच्या आळीची एक विहीर होती. तिच्या वळणावर आमच्या बाया रिकाम्या घागरी घेऊन उभ्या राहत. कोणी येईल, दया आली तर वरून ओतील. ती विहीर बुजवून आता बराच काळ झाला. नळ आले. तरी माझी आजी त्या वळणावर आली की डोक्यावरचे ओझे उतरवून थांबायची. मी एकदा विचारले तेव्हा ती म्हणाली, "मी कुटं थांबती बाबा, पायच थांबत्यात." वस्तीतली पोरे अजूनही त्या वळणाला 'उभ्याची जागा' म्हणतात. 'उभ्याच्या जागेवर भेट' असे एकमेकांना सांगतात. त्यांतल्या एकानेही ती विहीर पाहिलेली नाही. दुसऱ्याच्या आठवणीवर आदळणे म्हणजे काय, हे मला कादंबरीच्या आधी त्या वळणाने शिकवले होते. गावच्या कोणत्याही दफ्तरात या जागेचे हे नाव सापडणार नाही.

महाराच्या बाबतीत तर या व्यवस्थेचा ढोंगीपणा फारच उघडा आहे. गावच्या शिवेचा तंटा पडला की महाराची साक्ष महत्त्वाची मानली जाई. कोणता दगड कोणाच्या हद्दीचा, ओढा पूर्वी कुठून वाहत होता, हे त्याच्या स्मरणात असे. गावाच्या जमिनीची स्मृती त्याच्या डोक्यात ठेवली होती, पण त्याच्या स्वतःच्या जगण्याची स्मृती कोणालाच नको होती. महारकी वतने १९५८ च्या कायद्याने गेली. त्या डोक्यांतले पुष्कळसे माणसांबरोबर मातीत गेले.

आणि जे आम्हाला 'झाले गेले विसरा' म्हणून सांगतात, त्यांचा स्वतःचा शास्त्रार्थ काय सांगतो? विटाळ म्हणजे तरी काय? माणूस शिवला आणि निघून गेला, तरी त्याचे शिवणे त्या पाण्यात, त्या भांड्यात, त्या दगडात राहिले, असे मानणे म्हणजे विटाळ. घटना घडून गेल्यावरही पदार्थात टिकते, हा सिद्धान्त मॉरिसन यांच्या किती तरी आधी इथल्या सनातन्यांनी व्यवहारात आणला होता. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब आणि त्यांच्याबरोबरचे हजारो लोक महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्याले. नंतर सनातन्यांनी पंचगव्याच्या घागरी ओतून तळे 'शुद्ध' केले. ओंजळभर पाणी पिऊन माणसे निघून गेली होती. तरी तळ्याला ते आठवते आहे अशी त्यांची खात्री होती, म्हणून त्यांनी तळ्याची स्मृती धुऊन काढली. आमचा स्पर्श पाण्यात टिकतो, पण आमचे दुःख काळात टिकत नाही, असे हे अजब तत्त्वज्ञान आहे. यातले एकच खरे मानता येईल. टिकायचे तर दोन्ही टिकेल.

तळ्याच्या हक्काचा दावा पुढे दहा वर्षे चालला आणि १९३७ साली मुंबई उच्च न्यायालयात अस्पृश्यांच्या बाजूने निकाल लागला. ओतलेले पंचगव्य वाहून गेले. आज लोक महाडला जातात ते त्या ओंजळीसाठी.

मराठीत मार्गारेटची गोष्ट लिहिण्याची वाट आपल्या आत्मकथनांनी काढली. दया पवारांच्या 'बलुतं'मध्ये (१९७८) दगडू बोलतो आणि दया ऐकतो. एकाच माणसातला मागे राहिलेला आणि पुढे गेलेला, असे दोघे समोरासमोर बसतात. शिकून पांढरपेशा झालेल्या दयाचा पिच्छा दगडू सोडत नाही. हे आपल्या साहित्यातले पाण्यातून वर आलेले भूतच आहे, फक्त ते जिवंत माणसाच्या आत राहते. बेबी कांबळे यांनी आपले लेखन वीस वर्षे घरात लपवून ठेवले आणि मग ते 'जिणं आमुचं' म्हणून लोकांपुढे आले. त्या पुस्तकात 'मी'पेक्षा वस्ती अधिक बोलते. एका बाईच्या आठवणीत सगळी वस्ती येऊन राहिली होती. समीक्षकांनी या पुस्तकांना कधी वाङ्मय म्हणायला कुरकूर केली, कधी समाजशास्त्राचा कच्चा माल म्हटले. माझ्या मते तो इतिहासच आहे, आणि पुरावाही तोच आहे.

६

मात्र दोन समाजांचे साम्य दाखवताना भेद झाकून ठेवणे अप्रामाणिकपणाचे होईल. बाबासाहेब १९१३ ते १९१६ न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकले. १९४६ साली त्यांनी डब्ल्यू. ई. बी. डुबॉईस यांना पत्र लिहून, निग्रोंच्या वतीने संयुक्त राष्ट्रांकडे दिलेल्या अर्जाची प्रत मागवली. दोन्ही समाजांच्या स्थितीतले साम्य त्यांना पूर्ण ठाऊक होते. तरीही गुलामी आणि अस्पृश्यता यांची तुलना करताना त्यांनी भेदावर बोट ठेवले. गुलाम ही मालकाची मालमत्ता असल्यामुळे त्याला जगवण्यात मालकाचा स्वार्थ असतो. अस्पृश्य मेला तर कोणाचेच नुकसान होत नाही. गुलामीला कायद्याची तारीख असते, ती कायद्याने रद्द करता येते. अस्पृश्यता मनात आणि धर्मात वसते. पाठीवर वळ नसलेल्या माणसाने वळ कसे दाखवावेत? आपल्याकडे गळ्यातले मडके गेले, कमरेचा झाडू गेला, आणि जे उरले ते आडनाव विचारण्याच्या पद्धतीत, भाड्याच्या खोलीच्या नकारात, वेगळ्या ठेवलेल्या कपात उरले. २९ सप्टेंबर २००६ च्या खैरलांजीने ते किती खोलवर उरले आहे हे जगाला दाखवले. तिथे कुटुंबातली आई आणि तिची तीन मुले मारली गेली. मार्गारेटच्या दाराबाहेर निदान वॉरंट घेतलेली माणसे होती. इथे दाराबाहेर गाव होते.

दुसरी गोष्ट अधिक अवघड आहे, पण ती सांगायलाच हवी. जे जात नाही त्याच्याबरोबर जगायचे कसे? मॉरिसन यांनी याचे गोड उत्तर दिलेले नाही. सेथ त्या परत आलेल्या मुलीला सगळे देऊन टाकते. कामावर जाणे सोडते, स्वतःच्या तोंडचा घास तिला देते. मुलगी फुगत जाते, आई वाळत जाते. भूतकाळाला एकट्याने पोसायला गेले की तो माणसाला खातो. सेथची सुटका होते ती डेन्व्हर उंबरा ओलांडून शेजाऱ्यांकडे मदत मागायला जाते तेव्हा. शेवटी वस्तीतल्या तीस बाया जमून घरापुढे येतात आणि गातात. याच वस्तीने अठरा वर्षांपूर्वी मनातल्या असूयेपोटी घोडेस्वार येत असल्याची वर्दी दिली नव्हती, हेही लेखिका झाकून ठेवत नाही. आपल्याच माणसांचा दोष सांगण्याचे धैर्य ज्या साहित्यात असते, त्याच्या वेदनेवर माझा विश्वास बसतो.

एकट्याची आठवण हा आजार होऊ शकतो. सगळ्यांची आठवण ही चळवळ होते. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब कोरेगावच्या स्तंभापाशी गेले. इंग्रजांनी आपल्या विजयासाठी उभारलेला तो स्तंभ. त्यावर कोरलेल्या नावांमधून बाबासाहेबांनी आपल्या माणसांची नावे वेचून काढली आणि दगडाचा अर्थ बदलला. आपल्या नावाचा दगड नव्हता, म्हणून दुसऱ्याच्या दगडावरचे आपले नाव वाचून दाखवले. १ जानेवारी २०१८ रोजी तिथे जमलेल्या लोकांवर दगड पडले. आठवण मेलेली असती तर तिच्यावर कोणी दगड उचलला नसता.

गुलामांचे स्मरण करायला आपल्या देशात रस्त्याकडेला एखादे साधे बाकडेही नाही, अशी खंत मॉरिसन यांनी १९८९ साली बोलून दाखवली होती. त्यांच्या अभ्यासकांनी ती मनावर घेतली, आणि २००८ साली साउथ कॅरोलायनातल्या सलिव्हन बेटावर, जिथे आफ्रिकेतून आणलेली माणसे उतरवली जात, तिथे एक बाकडे बसवले. पुढे अशी बाकडी ठिकठिकाणी आली. खर्च थोडा, जागा थोडी. कोणीही येऊन बसावे.

आपल्याकडे पुतळे पुष्कळ झाले, आणि ते हवेतच. पण प्रत्येक गावात एक 'उभ्याची जागा' आहे. कुठे ती विहिरीच्या वळणावर आहे, कुठे चावडीच्या पायरीखाली, कुठे शाळेच्या व्हरांड्यात, जिथे आपल्या आधीच्या पिढीची मुले वर्गाबाहेर बसून अक्षरे ऐकत होती. ज्यांच्या पायांना या जागा ठाऊक आहेत ती माणसे आता ऐंशीच्या पुढे गेली आहेत. विद्यापीठांत दलित साहित्यावर प्रबंध लिहिणाऱ्या आपल्या मुलामुलींना माझे सांगणे आहे की एक सुट्टी यासाठी खर्च करा. वही घेऊन वस्तीत जा. म्हाताऱ्या माणसांना तारखा विचारू नका, जागा विचारा. त्यांच्याबरोबर चालत जा, आणि त्यांचे पाय जिथे थांबतील तिथे तुम्हीही थांबून त्या जागेचे नाव लिहून घ्या. या वेळी शाईही आपली आहे आणि लेखणीही.